दुसरी रातवा

‘तुंगा पुलाच्या कठड्यावर उभी आहे,’ तात्या म्हणाले. ‘चौकट मोठी घे. निम्म्या पानाची. आणि खालचं पाणी काळं कर.’

‘सगळं काळं?’

‘सगळं.’

मी टाक दौतीत बुडवला. तात्या खाटेवर बसले होते, नेहमीसारखे दोन्ही हात मांडीखाली दाबून. तसे दाबले की हात हलत नसत, निदान दिसत तरी नसत.

‘ती खाली काय बघतेय?’

‘आधी बघू तर दे तिला,’ ते म्हणाले आणि त्यांनी डोळे मिटले.

आमची बापलेकीची कामाची रीत अशीच होती. ते एक पान सांगायचे, मी काढायची. शाई वाळली की पान त्यांच्यासमोर धरायची, मग ते पुढचं पान सांगायचे. पुढे काय होणार हे मला ठाऊक नसे. ते म्हणत, त्यांनाही नसे. ‘गोष्ट आधीच ठाऊक असली की चित्रं जन्मतःच म्हातारी होतात.’ मला हे फार आवडायचं. आपल्याच हातातून उतरणारी गोष्ट आपणच पहिल्यांदा वाचायची, असं सुख दुसऱ्या कुठल्या कामात असेल असं मला अजूनही वाटत नाही.

त्या खेपेला मात्र त्यांना शेवटच्या चौकटीपर्यंत सगळं ठाऊक होतं.

त्या काळात शाळेत असलेल्यांना ‘सवंगडी’ हे पाक्षिक आठवत असेल. पातळ कागद, दोन रंग, आणि मधल्या पानांवर रातव्याची चित्रकथा. रातवा हा पक्षी दिवसा जमिनीवर बसला तर पायाखाली येईपर्यंत दिसत नाही. तात्यांनी ते नाव घेतलं ते त्यासाठीच. त्यांचा रातवा म्हणजे जकात नाक्यावरचा कारकून बळवंतराव. पन्नाशीचा, पोट सुटलेला. रात्री तोंडाला कातडी मुखवटा बांधून नदीकाठच्या अंधारात बसायचा. धावायचा नाही, उड्या मारायचा नाही. नुसता बसायचा. चोर जवळ आला की उभा राहायचा, आणि चोराची बोबडी वळायची. तात्या त्याला जाड कुंचल्यानं काढत. एकेक रेघ अशी, की दगडी पायरी बसवावी. मुखपृष्ठावर फक्त ‘कमलाकर’ एवढी सही असे. मेस्त्री हे आडनाव त्यांनी कधी छापू दिलं नाही.

मग त्यांच्या हाताला कंप सुरू झाला. पहिल्यांदा तो बशीतल्या कपानं सांगितला. ‘चहा पिताय की आरती करताय?’ आई म्हणाली आणि आम्ही तिघंही हसलो. पुढच्या अंकात बळवंतरावाच्या कोटाची कड थरथरलेली छापून आली. गोष्ट पावसातली होती म्हणून खपून गेलं. त्याच्या पुढच्या अंकात पाऊस नव्हता.

मी तेव्हा चित्रकला शिक्षकाचा डिप्लोमा करून कराडला घरीच बसले होते. दोन पानं मी काढून ठेवली. तात्यांनी ती खूप वेळ पाहिली.

‘हे माझं नाही.’

‘जमेल हळूहळू.’

‘नाही जमायचं. माझी रेघ बसते, तुझी पळते. शेंबडं पोरसुद्धा ओळखेल.’

‘मग काय करायचं?’

दोन दिवस गेले. तिसऱ्या दिवशी आंघोळीहून येता येता, खांद्यावर पंचा तसाच, म्हणाले, ‘रेघ बदलता येत नाही ना? मग माणूसच बदलू.’

अशी दुसऱ्या रातव्याची गोष्ट सुरू झाली. बळवंतराव पुरात वाहून जातो, प्रेत सापडत नाही, आणि त्याचा मुखवटा दुसऱ्याच कुणाच्या तरी हाती लागतो. तात्यांनी सांगितलं होतं, ‘एक सडपातळ पोरगा काढ.’ मी काढला. पान बघून त्यांनी भुवया वर केल्या.

‘हा पोरगा नाही.’

‘नाही.’

‘म्हणजे?’

‘मुखवट्याआड कोण बघतंय, तात्या?’

ते मोठ्यानं हसले. आई स्वयंपाकघरातून बघायला आली. ‘चालेल,’ ते म्हणाले. ‘नाव?’

‘तुंगा. नावाड्याची मुलगी.’

तुंगा पळायची. पुलावरून, कौलांवरून, होडीतून होडीत. माझा टाक जसा पळे तशी. गावातल्या चोरांना कळेना, काल एका जागी ठाण मांडून बसणारा रातवा आज खिडकीतून कसा आला? ‘इतका बारीक कसा झाला रे हा?’ असं एक चोर विचारतो आणि दुसरा म्हणतो, ‘चातुर्मास धरला असेल.’ हे वाक्य तात्यांचं. आमच्या गल्लीतली पोरं कितीतरी दिवस एकमेकांना तेच म्हणत होती.

गोष्टीत एक दंडक होता. नाक्यावरचा म्हातारा शिपाई तुंगाच्या तोंडाला मुखवटा बांधताना तो तिला सांगतो: ‘रातवा हे कुणा माणसाचं नाव नव्हे. अंधारात जो बसेल त्याचं ते. पण पहिला गेला हे गावाला कळता कामा नये. कळलं तर चोरांना मोकळं रान.’ ते पान वाळल्यावर तात्या म्हणाले होते, ‘आपल्यातही तसंच, बरं का कुंदे.’ मी मान डोलावली. मला ते गुपित आवडलं होतं. सहीसुद्धा मीच करू लागले.

तुंगा चालली. नुसती चालली नाही; ‘सवंगडी’च्या कचेरीत पोरींची पत्रं येऊ लागली, त्याआधी तिथे पोरांचीच यायची. तुळपुळे, म्हणजे आमचे प्रकाशक, पुण्याहून पत्रानं कौतुक कळवत. तात्या ते वाचून घडी घालून उशाखाली ठेवत. मी दीडेक वर्ष थांबले. मग एका सकाळी, ते दाढीला बसलेले असताना, म्हणजे मी त्यांची दाढी करून देत असताना, मी विचारलं.

‘तात्या, आतल्या पानावर, अगदी खाली. रेखाटन कुंदा मेस्त्री. एवढंच.’

‘गाल कापशील.’

‘नाही कापत. मुखपृष्ठावर तुमचंच राहू दे. गोष्ट तुमचीच आहे.’

आरशात त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ‘तुला एवढं वाटतं?’

‘हो.’

‘साताऱ्याला तुळपुळे येणारच आहेत,’ ते म्हणाले. ‘विचारतो.’

साताऱ्याच्या एका बालवाचनालयानं त्यांचा सत्कार ठरवला होता. आम्ही तिघं एसटीनं गेलो. शाल, नारळ, पुष्पगुच्छ. शाल अशी लपेटली होती की हात आत राहावेत. ते आईचं डोकं. सूत्रसंचालक मास्तर म्हणाले, ‘वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी कमलाकरांनी स्वतःची रेषा नव्यानं शोधली. बळवंतरावाच्या रेषेत वजन होतं, तुंगाच्या रेषेत वारा आहे. एकाच हातातून एकाच नावाचे दोन रातवे, अशी किमया!’

टाळ्या वाजल्या. आईनं माझ्या मांडीला चिमटा काढला. तो कौतुकाचा की गप्प बस म्हणून, हे मला आजही सांगता येणार नाही.

मग दोन वेण्यांची एक मुलगी उभी राहिली. तिथे फळा होता. ‘काका, तुंगा काढून दाखवा ना.’

सगळी पोरं ओरडायला लागली. तुंगा, तुंगा. मी तिसऱ्या रांगेत बसले होते. उठून गेले असते तर चार पावलांत फळ्याशी पोचले असते.

तात्या शालीतून हात न काढता म्हणाले, ‘बाळ, तुंगा रात्रीच निघते. आता ऊन आहे. तिला उन्हात बाहेर काढलं तर चोर तिला ओळखतील. चालेल तुला?’

‘नाही,’ पोरं ओरडली. लोक हसले, पुन्हा टाळ्या. मुलगी खाली बसली. तिला फसवलं गेलं हे तिला कळलं होतं, असं मला तिच्या तोंडावरून वाटलं.

कार्यक्रमानंतर तुळपुळ्यांनी तात्यांना बाजूला नेलं. सभागृहामागे एक पडवी होती, तिथे ते दोघं बराच वेळ बोलत उभे होते. तुळपुळे उंच, पांढऱ्याशुभ्र सदऱ्यातले. ते वाकून बोलत होते आणि तात्या मान हलवत होते. मध्येच दोघांनीही वळून माझ्याकडे पाहिलं. विचारलं तात्यांनी, मला वाटलं. आत्ता माझंच नाव निघालंय.

परतीच्या गाडीत आई नारळ मांडीवर घेऊन झोपली. मी वाट पाहिली. उंब्रज मागे पडलं तरी ते बोलेनात, तेव्हा मीच म्हटलं, ‘काय म्हणाले?’

‘कोण?’

‘तुळपुळे.’

‘नाही म्हणाले.’ ते खिडकीबाहेर बघत होते. ‘एका चित्रकथेला दोन नावं नकोत म्हणाले. वाचक बिचकतात.’

‘पण बोलत तर खूप वेळ होता.’

‘कागदाचे भाव वाढलेत, त्याचं चाललं होतं.’

दुसऱ्या दिवशी नवी गोष्ट सुरू झाली. ‘तुंगा पुलाच्या कठड्यावर उभी आहे,’ ते म्हणाले.

त्या पानानंतरचं पान त्यांनी भराभर सांगितलं. पुलाखाली एक होडी अडकली आहे. होडीत एक पोर रडतंय. तुंगा उडी घेते. ही उडी मी मन लावून काढली. कठड्यावरून सुटलेले पाय, मागे उडालेलं ओढणीचं टोक. पान वाळत होतं तेवढ्यात आई चहा घेऊन आली. ‘काय गं, पाखरूच दिसतंय,’ ती म्हणाली. तात्यांनी पान पाहिलं आणि ते पुढचं सांगायला लागले.

पोर काठावर पोचतं. होडी बुडते. तुंगाच्या पायात दोर अडकलाय.

‘सुटते ना?’ मी विचारलं.

‘पहिल्या चौकटीत नुसता हात. पाण्याबाहेर. दुसऱ्या चौकटीत बोटं. तिसरीत बुडबुडे.’

‘चौथीत?’

‘चौथीत पाणी. सपाट.’

मी टाक खाली ठेवला. ‘म्हणजे ती मरते?’

‘रातवा मरत नाही.’

‘मी तुंगाचं विचारतेय.’

तात्यांनी डोळे उघडले. ‘गोष्ट आहे कुंदे. गोष्टीला जे लागतं ते करावं लागतं.’

‘गोष्टीला कशाला लागतंय? कालपर्यंत तिला कुणी मारायला निघालं नव्हतं.’

‘ती पुलावर उभी राहिली तेव्हाच निघालं होतं.’

‘आणि मग? अंक बंद? रातवा कोण होणार पुढे?’

‘पुढचं पान,’ ते म्हणाले. ‘पुलाच्या कमानीखाली एक कपार आहे. कपारीत कुणीतरी बसलंय. चौकट जवळ आण. अजून जवळ. बळवंतराव आहे. तो मेलाच नव्हता. इतके दिवस तिथंच बसून होता. तो हात घालून पाण्यातनं मुखवटा काढतो.’

‘तिला नाही काढत?’

‘मुखवटा काढतो,’ ते पुन्हा म्हणाले.

मी उठून माडीवर गेले आणि तो दिवस खाली आले नाही. जेवायच्या वेळी आई वर आली, ताट घेऊन.

‘उपाशी राहून कुणाला दाखवतेस?’

‘मी नाही काढणार ते पान.’

‘मग कोण काढणार? त्यांच्यानं काढवतंय होय?’

‘का मारलं त्यांनी तिला?’

आई ताट खाली ठेवून पायरीवर बसली. भात कालवून तिनं घास माझ्याकडे केला, लहानपणी करायची तसा. ‘अगं, कागदावरची बाई ती. तिच्यापायी बापाशी अबोला धरतेस? साताऱ्याला बघितलंस ना, हात शालीत गुंडाळून बसावं लागलं त्यांना. त्या पोरीनं फळा दाखवला तेव्हा माझ्या छातीत कसं धस्स झालं. पुढच्या वेळी कुणी दाखवला तर?’

‘म्हणून तिला बुडवायचं?’

‘मला गोष्टीतलं काय कळतंय,’ आई म्हणाली. ‘एवढं कळतंय की तो माणूस बळवंतरावाला विसरत नाही. झोपेत बोटं फिरवतो अंथरुणावर. तू तरी समजून घे.’

मी समजून घेतलं. त्या वयात आणि त्या घरात मला तेच चांगलं येत होतं. दुसऱ्या दिवशी खाली बसून मी तुंगाला बुडवलं. हाताची चौकट, बोटांची चौकट, बुडबुड्यांची. शेवटची बोटं काढताना मी आरशासमोर माझा स्वतःचा हात धरला होता, कारण मला ती चुकवायची नव्हती. ती पानं मी काढलेल्यांत सर्वांत चांगली झाली. तात्या त्यांच्याकडे बराच वेळ बघत होते.

‘असं मला कधीच जमलं नसतं,’ ते म्हणाले. आमच्या सगळ्या कामात त्यांनी केलेली एवढी एकच स्तुती.

‘बळवंतराव कसा काढायचा?’ मी विचारलं. ‘मला तुमची रेघ येत नाही.’

‘येईल. टाक ठेव. कुंचला घे.’

त्यांनी मला शिकवलं. त्याआधी कधीच शिकवलं नव्हतं, अगदी मी मागे लागायची तेव्हाही. मनगटाला सुतळीनं शिशाची दोन वजनं बांधली, कोळी जाळ्याला लावतात तसली. कोपर पाटावर टेकवायचं. श्वास सोडत सोडत रेघ आपल्याकडे आणायची आणि संपेपर्यंत उचलायची नाही. ‘ओढू नकोस. बसव. दगड ठेवतेस असं समज.’ रेघ पळाली की ते खाटेवरून ‘अं’ एवढंच म्हणायचे. ते ‘अं’ मला झोपेतही ऐकू यायला लागलं. पहिल्या दिवशी मनगट सुजलं. आईनं आंबेहळद लावली. ‘बाप बरा, लेकीला बैलासारखं जुंपतोय,’ ती म्हणाली, पण खूश होती. घर पुन्हा पूर्वीसारखं झालं होतं. बळवंतराव परत आला होता.

अंक एसटीच्या पार्सलानं पुण्याला गेला आणि छापूनही आला. तुळपुळ्यांनी एका शब्दानंही काही विचारलं नाही. पोरींची पत्रं आली, ती तात्यांनी फोडलीच नाहीत. पुढे ‘सवंगडी’ बंद पडेपर्यंत बळवंतराव मीच काढला, त्यांच्या रेघेनं, त्यांच्या सहीनं. कुणालाही कळलं नाही. वजनं पुढे बांधावी लागेनात. मी इथल्याच मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवायला लागले. स्थळं आली तशी गेली. तात्यांचा कंप हातातून मानेत गेला, मानेतून जिभेत. शेवटची काही वर्षं ते काय म्हणतात ते फक्त मला समजायचं. मी त्यांना भरवायची, पुसायची, आणि ते कधीकधी माझ्या उजव्या हाताकडे टक लावून बघत बसायचे.

यंदाच्या श्रावणात ते गेले.

दहाव्याच्या आसपास दुपारी तुळपुळे भेटायला आले. नातवानं धरून आणलं त्यांना. गुडघे गेले होते, पण सदरा तसाच पांढरा होता. नातू बाहेर गाडीतच थांबला. तुळपुळे तात्यांच्या फोटोला हात जोडून बसले, आईला चार शब्द बोलले. मी पाणी दिलं, चहा दिला.

‘कुंदाताई,’ ते म्हणाले, ‘एक गोष्ट मनात राहिली होती. माझं तेव्हा चुकलंच. मी स्वतः कराडला येऊन तुम्हाला विचारायला हवं होतं.’

‘काय विचारायला?’

‘पुण्याला याल का म्हणून.’

आई कोपऱ्यात वाती वळत होती.

‘साताऱ्याला मी कमलाकररावांना म्हटलं, हा हात तुमचा नाही. आधी कबूलच होईनात. मी म्हटलं, अहो, मी रागावलो नाही, उलट शोधत होतो असा हात. मुलीला पुण्याला पाठवा. तुंगाचं वेगळं मासिक काढतो, तिच्या नावानं. बळवंतराव तुमच्याकडे राहू दे, जमेल तसा काढा, नाही जमलं तर नुसती गोष्ट सांगा. दोन रातवे, दोन मासिकं. तुमच्याकडे हात करून विचारलंसुद्धा मी, हीच ना ती. हो म्हणाले.’ ते थांबले. ‘आठवड्यात त्यांचा पोस्टातनं फोन आला. मुलगी नको म्हणते. आईबापांना सोडून यायचं नाही म्हणते. आणि मागोमाग तुंगा मेल्याचा अंक आला. मी समजलो, तुमचंच मन उडालं त्या कामावरनं.’

मला त्या पडवीत वाकून बोलणारा पांढरा सदरा दिसत होता, आणि वळलेल्या दोन माना.

‘मग बरं झालं म्हणायचं,’ तुळपुळे म्हणाले, ‘कमलाकररावांना औषध लागू पडलं. बळवंतराव पुन्हा पहिल्यासारखा यायला लागला.’

‘तो मी काढत होते.’

त्यांनी चष्मा काढला. ‘तोही?’

‘शेवटपर्यंत.’

बराच वेळ ते चष्मा सदऱ्याला पुसत राहिले. मग हळूच म्हणाले, ‘राग नसेल तर विचारतो. तेव्हा का नाही म्हणालात?’

मी आईकडे पाहिलं. तिची बोटं थांबली होती. वात अर्धी वळलेली, आणि ती माझ्याकडे बघत नव्हती, वातीकडेही नव्हती.

‘घर सोडवत नव्हतं,’ मी म्हटलं.

तुळपुळ्यांनी मान डोलावली. ते आणि काही जुने वाचक मिळून तात्यांवर एक छोटं पुस्तक काढणार होते. ‘त्यात तुंगाचं एक चित्र द्याल? नवं. कठड्यावरनं उडी घेते तसं. खाली तुमचं नाव घालतो. आता काय उपयोग म्हणाल, पण घालतो.’

‘देते,’ मी म्हटलं.

गाडी गेल्यावर मी कपबशा उचलल्या, विसळल्या, पालथ्या घातल्या आणि पुन्हा आईसमोर येऊन बसले.

‘तुला ठाऊक होतं.’

‘पोस्टात मीच गेले होते त्यांच्याबरोबर,’ आई म्हणाली. ‘त्यांच्यानं आकडा फिरवेना.’

‘तू फिरवलास?’

‘हो.’

‘आणि मला भात भरवलास.’

‘तू गेली असतीस तर ते काय राहिले असते गं? एक लटलटणारा म्हातारा. लोक म्हणाले असते, सगळं लेकीचंच होतं. त्यांचं खरंसुद्धा कुणी खरं धरलं नसतं.’

‘आणि मी काय राहिले?’

‘तुझं लग्न होऊन जाईल असं वाटलं होतं,’ आई म्हणाली. मग तिनं पदर डोळ्यांना लावला, आणि ती रडायला लागली ती माझ्यासाठी की त्यांच्यासाठी, हे विचारण्यात अर्थ नव्हता. मीही त्यांच्यासाठीच रडत होते. बारा दिवस झाले नव्हते. रागवायला समोर माणूस नव्हता, आणि रागवल्याशिवाय मला त्यांचं नीट दुःखही करता येत नव्हतं.

तेराव्यानंतर पाहुणे गेले तेव्हा एका सकाळी मी पाट घेतला. बाजारातून नवा टाक आणला होता, बारीक टोकाचा. पूल काढला. कठडा काढला. तुंगा तर मला डोळे मिटूनही दिसत होती. मी तिचा पाय कठड्यावरून सोडवायला गेले, आणि रेघ जड आली. टाक उचलायचा तिथे हात उचलेना. श्वास आपोआप सुटत गेला आणि रेघ माझ्याकडे येऊन बसली. मी दुसरा कागद घेतला. वजनं बांधलेली नव्हती, तरी मनगट खालीच. मी मुद्दाम भरभर काढून पाहिलं. कोपर उचलून, उभं राहून काढून पाहिलं. वर्गात मुलींना काढून दाखवते ती फुलं, कलश, घड्याळं आठवली. तीही कितीतरी वर्षं अशीच होती आणि माझ्या ध्यानात आलं नव्हतं. दुपारपर्यंत कागद संपत आले. प्रत्येक कागदावर एक मुलगी कठड्यावर होती, मुखवटा बांधलेली, ओढणी उडालेली, आणि एकाही कागदावर तिचे पाय सुटत नव्हते. ती नुसती बसली होती, भक्कम, दगडासारखी.

आई जेवायला बोलवायला आली. माझ्या खांद्यावरून वाकून तिनं शेवटचा कागद पाहिला. पदरानं चष्म्याची काच पुसून पुन्हा पाहिला.

‘ह्यांनीच काढल्यासारखं आलंय गं,’ ती म्हणाली. अगदी मनापासून, कौतुकानं म्हणाली.